विश्लेषण : माहुलीच्या समाध्या कोणाच्या? दगडावर नाव नसेल तर ओळख पटते कशी?

फलटणच्या नाईक-निंबाळकर घराण्याची लेक सईबाई म्हणजे छत्रपती शिवाजी महाराजांच्या पहिल्या पत्नी आणि संभाजी महाराजांच्या आई. ५ सप्टेंबर १६५९ रोजी राजगडावर त्यांचे निधन झाले, तेव्हा संभाजीराजे जेमतेम सव्वादोन वर्षांचे होते. आज त्यांची समाधी पाहायला निघालेल्या माणसाला ती दोन ठिकाणी दाखवली जाते. एक राजगडाच्या पद्मावती माचीवर, देवीच्या मंदिरासमोर. दुसरी गडाच्या पायथ्याला पाल गावात. दोन्हीकडे लोक तितक्याच श्रद्धेने हात जोडतात. श्रद्धेला त्यात अडचण नाही. इतिहासाला मात्र आहे.

असे फक्त सईबाईंच्या बाबतीतच घडलेले नाही. त्यांचे नातू थोरले शाहू महाराज, सून येसूबाई, इतकेच काय, कोल्हापूर गादीच्या संस्थापक ताराबाई यांच्याही समाध्या साताऱ्याजवळ संगम माहुली येथे आहेत. फलटणहून सातारा सुमारे ६५ किलोमीटर आणि तिथून कोरेगाव रस्त्याने पाचेक किलोमीटरवर माहुली. सुटीच्या दिवशी माहीतगार माणूस सोबत घेऊन हा फेरा करणाऱ्या कुटुंबांपुढे आणि मित्रमंडळींपुढे एक साधा प्रश्न येतो. समोरच्या चौथऱ्याबद्दल जे सांगितले जाते, ते कशाच्या आधारावर?

इटलीत हाच प्रश्न कसा सुटतो?

राजघराण्याची अंत्यस्थाने पाहण्याचे जगातले एक गाजलेले ठिकाण फ्लॉरेन्समध्ये आहे. सावकारीतून सत्तेपर्यंत पोहोचलेल्या मेदिची घराण्याच्या कबरी तेथील सान लोरेंझो चर्चला जोडलेल्या दालनांमध्ये आहेत. त्यातले एक दालन मायकेलअँजेलोने घडवले. १५२० च्या सुमारास सुरू केलेले हे काम अर्धवट टाकून तो १५३४ मध्ये रोमला निघून गेला. शेजारचे दुसरे दालन रंगीत दगडांनी मढवलेले आहे. त्याचे बांधकाम १६०४ मध्ये सुरू झाले आणि मेदिची वंश संपला तरी सजावट पुरी झाली नव्हती. घराण्याची शेवटची वारस आना मारिया लुइझा हिने १७३७ मध्ये करार करून सारा कलासंग्रह फ्लॉरेन्सबाहेर नेता येणार नाही अशी अट घातली. आज त्या शहराचे पोट पर्यटनावर चालते, त्यात या अटीचा वाटा मोठा आहे.

तिथे परवानाधारक गाइड घेऊन गेलेल्या पर्यटकाला पहिलाच धक्का बसतो तो नावांचा. मायकेलअँजेलोने ज्यांच्यासाठी भव्य पुतळे घडवले, ते लोरेंझो आणि जुलियानो हे दोघे ड्यूक घराण्यातले दुय्यम लोक. ज्याच्यामुळे मेदिची हे नाव जगाला माहीत झाले, तो थोरला लोरेंझो आणि १४७८ मध्ये चर्चमध्येच भोसकून मारला गेलेला त्याचा भाऊ जुलियानो, हे दोघे त्याच दालनात एका साध्या कबरीत आहेत. चारही नावे दोनाचीच, त्यामुळे गाइड नसेल तर घोटाळा ठरलेला. शिवाय ड्यूकांचे पुतळे त्यांच्या चेहऱ्यासारखे नाहीत. त्याबद्दल विचारले तेव्हा, हजार वर्षांनी ते कसे दिसत होते हे कोणाला कळणार आहे, अशा अर्थाचे उत्तर मायकेलअँजेलोने दिले, असे त्याच्या हयातीतच एका फ्लॉरेन्सवासीयाने पत्रात लिहून ठेवले आहे. गोष्ट मजेदार आहेच, पण ती कोणी आणि कधी लिहिली हेही चांगला गाइड सांगू शकतो.

आणि तिथे देह आहेत. २००४ पासून संशोधकांनी मेदिचींच्या काही कबरी उघडून हाडांचा अभ्यास केला. १५८७ मध्ये मरण पावलेल्या फ्रांचेस्को पहिल्यावर आर्सेनिकचा विषप्रयोग झाला की तो हिवतापाने गेला, यावर दोन गटांचे वेगवेगळे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. त्याहून नवलाची हकिकत धाकट्या लोरेंझोच्या कबरीची. १५३७ मध्ये खून झालेल्या आलेस्सांद्रोचा मृतदेह नीट प्रक्रिया न करता त्याच पेटीत ठेवला गेला. त्यातून झिरपलेल्या द्रवाचे डाग संगमरवरावर शतकानुशतके राहिले. अलीकडच्या जीर्णोद्धारात ते काढण्यासाठी चक्क जिवाणू वापरले गेले. कबरीत कोण आहे याची ग्वाही तिथे डागसुद्धा देतो.

मग समाधीत काय असते?

आपल्याकडे दहन होते. अस्थी नदीत जातात. चिता जिथे पेटली तिथे, किंवा अस्थी-रक्षेचा अंश ठेवून दुसरीकडे, दगडी चौथरा बांधतात. त्यावर शिवलिंग, पादुका किंवा तुळशीवृंदावन येते. ऐपत मोठी असेल तर वर छत्री, म्हणजे घुमटी. सिंदखेडराजाच्या लखुजी जाधवांची घुमटाची इमारत किंवा पुण्यात वानवडीची महादजी शिंद्यांची छत्री हे त्याचे भव्य प्रकार. साताऱ्याच्या भोसल्यांनी मात्र माहुलीत असे भव्य काही उभे केले नाही. नदीकाठी आटोपशीर, सुबक दगडकाम, आणि त्यावर ना नाव, ना तिथी.

याचा सरळ अर्थ असा की उकरून काही सिद्ध होत नाही. डीएनए नाही, दात नाही, हाड नाही. ओळख पटवायची तर तीनच वाटा उरतात. कागद, म्हणजे सनदा, इनामपत्रे, देवस्थानाचे हिशेब. बांधकामाची घडण. आणि त्या जागी पिढ्यानपिढ्या चालत आलेली पूजा-दिवाबत्ती. यातली पहिली वाट सर्वांत भक्कम आणि तिसरी सर्वांत गोड. घोटाळा होतो तो तिसरीवर पूर्ण भिस्त ठेवल्याने.

माहुलीत नेमके काय आहे?

कृष्णा आणि वेण्णा यांचा हा संगम. साताऱ्याच्या बाजूला संगम माहुली, पलीकडच्या तीरावर क्षेत्र माहुली. क्षेत्र माहुली हे न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांचे गाव. संगमावरचे विश्वेश्वर मंदिर १७३५ च्या सुमारास श्रीपतराव पंतप्रतिनिधींनी बांधले. मंदिरे, दीपमाळा आणि घाट यांच्यामुळे फोटो छान येतात, म्हणून बहुतेक जण तिथूनच परत फिरतात. समाध्या पाहायला नदीकडे खाली उतरावे लागते.

थोरल्या शाहू महाराजांचे निधन १५ डिसेंबर १७४९ रोजी साताऱ्यात झाले आणि अंत्यसंस्कार माहुलीत. त्यांच्या समाधीची जागा पात्रातच असल्याने पाणी चढले की ती दिसत नाही आणि पूर ओसरला की गाळाखाली जाते. ज्याच्या कारकिर्दीत मराठी फौजा अटकेच्या दिशेने सरकू लागल्या, त्याची समाधी शोधण्यासाठी आधी गाळ उपसावा लागतो. डिसेंबर १७६१ मध्ये वारलेल्या ताराबाईंच्या समाधीचेही पुराने आणि दुर्लक्षाने हाल झाले.

येसूबाईंची कथा या सगळ्यांत वेगळी. १६८९ मध्ये रायगड पडला तेव्हा त्या लहानग्या शाहूसह मोगलांच्या कैदेत गेल्या. शाहू १७०७ मध्ये सुटले. येसूबाईंना साताऱ्याला परतायला १७१९ साल उजाडावे लागले. सुमारे तीस वर्षांची कैद. इतक्या मोठ्या बाईची समाधी कुठे, हे मात्र दीर्घकाळ विस्मरणात गेले होते. स्थानिक अभ्यासकांनी ती शोधली ती माहुलीतल्या मठाच्या इनामासंबंधी जुन्या कागदांच्या आधारे. जमिनीच्या चतुःसीमा सांगताना लिहिणाऱ्याने येसूबाईंच्या स्थानाचा उल्लेख केला होता. त्याला इतिहास लिहायचा नव्हता, शेताची हद्द सांगायची होती. म्हणूनच असा पुरावा मोलाचा ठरतो; त्यात कोणाचा मोठेपणा सांगण्याचा हेतू नसतो.

सतीची गोष्ट ऐकताना काय लक्षात ठेवावे?

शाहू महाराजांबरोबर त्यांच्या राणी सकवारबाई सती गेल्या. माहुलीत ही हकिकत बहुधा पतिनिष्ठेची कथा म्हणून सांगितली जाते. पण ग्रँट डफने आपल्या मराठ्यांच्या इतिहासात दिलेला तपशील अस्वस्थ करणारा आहे. गादीच्या वारसावरून ताराबाई आणि पेशवे एका बाजूला आणि सकवारबाई दुसऱ्या बाजूला, असा सामना होता. आपले बेत झाकण्यासाठी सती जाण्याची भाषा राणीने आधीच केली होती. महाराज गेल्यावर तोच शब्द तिच्या माथी आला आणि माघारीची वाट उरली नाही, असे डफ सांगतो. डफ हा कंपनी सरकारचा अधिकारी, १८२६ मध्ये लिहिणारा. त्याचाही चष्मा आहे. तरी राजकारणाचा हा भाग वगळून केवळ गौरव सांगणारा गाइड अर्धीच गोष्ट सांगतो, आणि जी अर्धी गाळतो त्यात एक जिवंत बाई असते.

जायचे तर कधी आणि कसे?

पावसाळ्यात आणि त्यानंतरचे काही आठवडे समाध्यांपर्यंत जाणे धोक्याचे आणि निरुपयोगीही. धरणांतून पाणी सोडले की पात्र अचानक भरते. जानेवारी ते मे हा काळ बरा, त्यातही सकाळची वेळ. इथे तिकीट खिडकी नाही, इटलीसारखा परवानाधारक गाइडही दारात उभा नसतो. साताऱ्यातले इतिहासाचे अभ्यासक, महाविद्यालयांतले शिक्षक किंवा गडसंवर्धनाचे काम करणारे तरुण यांच्यापैकी कोणाला तरी आधी विचारून सोबत घ्यावे आणि त्यांच्या वेळेचे मानधन द्यावे. त्यांना आढेवेढे न घेता विचारावे : हे कोणत्या कागदात आहे? तो कागद कोणत्या सालचा? ‘लोक सांगतात’ हे उत्तर मिळाले तर तेही ठीक, फक्त ते तसे उघड सांगितलेले असावे. ठामपणे सांगितलेली ऐकीव माहिती दुसऱ्या दिवशी मोबाइलवर फिरते आणि सहा महिन्यांत फलकावर चढते.

आणखी एक. संगम माहुलीत कैलास स्मशानभूमी आहे आणि तिथे रोज अंत्यसंस्कार होतात. सहलीची मोठमोठ्याने चाललेली थट्टामस्करी, रील आणि ड्रोन यांचे तिथे काम नाही. फ्लॉरेन्समध्ये मेदिची दालनाखाली १९७५ मध्ये सापडलेली एक चिंचोळी खोली आहे. भिंतींवर कोळशाने काढलेली चित्रे मायकेलअँजेलोची मानली जातात. नोव्हेंबर २०२३ मध्ये ती लोकांसाठी उघडली तेव्हा एका वेळी चारच माणसे, पंधरा मिनिटे, आणि मग चित्रांना उजेडाचा त्रास नको म्हणून पाऊण तास अंधार, असा नियम केला गेला. माहुलीत असा नियम करणारे कोणी नाही. तो ज्याने त्याने पाळायचा.

इतक्या साऱ्या बिननावाच्या दगडांत एका समाधीबद्दल कोणी वाद घालत नाही. ती शाहू महाराजांच्या कुत्र्याची, खंड्याची. शिकारीत वाघापासून त्याने महाराजांचा जीव वाचवला, म्हणून त्याला जहागीर आणि पालखीचा मान मिळाला, असे डफनेही नमूद केले आहे. महाराजांनी त्याला जरीचे कपडे आणि दागिने घालून आपली पगडी त्याच्या डोक्यावर ठेवली आणि पुन्हा स्वतः पगडी घातली नाही, अशीही हकिकत त्यात आहे. नाव त्याच्याही चौथऱ्यावर नाही. पण वर दगडात कुत्राच कोरून बसवला आहे.