काचेचा बूट आणि काळी चिमणी

आजऱ्यात जन्मलेल्या शिवाजी सावंतांनी १९६७ साली ‘मृत्युंजय’मध्ये कर्णाची कथा सहा जणांच्या तोंडून सांगितली. घटना सगळ्यांना ठाऊक होत्या, पण कुंती आणि वृषाली स्वतः बोलू लागल्यावर त्यांचा अर्थ बदलला. किशोरांसाठी परीकथा नव्याने मांडणाऱ्या चित्रपटांनाही हीच कसोटी लावायला हवी. २००४ च्या ‘अ सिंड्रेला स्टोरी’त काचेच्या बुटाऐवजी मोबाइल हरवतो, राजवाड्यातला नाच शाळेत होतो; सावत्र आईचा दुष्टपणा आणि राजकुमारासारखा लोकप्रिय फुटबॉलपटू मात्र कायम. सामान बदललं, नजर तीच राहिली.

मूळ कथेला हात का लावायचा, असं कुणी विचारेल. पण मूळ कोणती? पेरोच्या १६९७ च्या कथेत बूट काचेचा आहे आणि सिंड्रेला बहिणींना क्षमा करते. ग्रिम बंधूंकडे तो सोन्याचा होतो आणि त्यात पाय मावावा म्हणून बहिणी बोटं नि टाच कापतात. कोवळ्या वयाचं स्वप्न का हिरावायचं, हा आक्षेप अधिक वजनदार. नागराज मंजुळेंचा ‘फँड्री’ (२०१३) ही परीकथा नाही, तरी त्याचं उत्तर तिथे सापडतं. काळ्या चिमणीची राख टाकली की आवडती शालू वश होईल, या अस्सल जादूवर चित्रपटाचा किशोरवयीन नायक जब्या याचा विश्वास आहे आणि दिग्दर्शक त्या विश्वासाची थट्टा करत नाही. जब्याच्या वाटेत सावत्र आई नाही, जात आहे. शालूच्या डोळ्यांदेखत त्याला डुकराच्या मागे धावावं लागतं.