संमिश्र द्वंद्वपटांतील ‘विरुद्ध’ हे पद

घोलवड ज्या पालघर जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्याच्या डोंगराळ जव्हार-मोखाडा भागात बोहाडा हा मुखवट्यांचा उत्सव होतो. निरनिराळ्या पुराणकथांतील पात्रे तेथे एकामागून एक नाचत येतात व मुखवटा दिसताच प्रेक्षक त्यांना ओळखतो. भिन्न कथांतील पात्रे अशी एकत्र आणण्याची रीत जपानी चित्रकथांवरील द्वंद्वखेळांतही आढळते. ‘जंप फोर्स’ (२०१९) या खेळात गोकू, नारुतो व लुफी हे तीन स्वतंत्र कथांचे नायक परस्परांशी लढतात. तेथे जय खेळणाऱ्याच्या हस्तकौशल्यावर अवलंबून असल्याने आज हरलेला नायक उद्या जिंकू शकतो. चित्रपटाचा शेवट मात्र एकदाच ठरतो. दोन्ही नायक प्रिय असताना एकाचा पराभव दाखविणे म्हणजे निम्म्या प्रेक्षकांस दुखविणे होय.

यास्तव चित्रपट युद्धाची घोषणा शीर्षकात करतो व कथेत ते टाळतो. ‘माझिंगर झेड विरुद्ध डेव्हिलमॅन’ (१९७३) हे याचे आरंभीचे उदाहरण. मूळ शीर्षकातील ‘ताइ’ हे पद विरोधवाचक आहे. परंतु कथेत प्रारंभीच्या चढाओढीनंतर दोघे नायक डॉ. हेल या समान शत्रूविरुद्ध एकत्र येतात. आपल्याकडील कृष्णार्जुनयुद्धाच्या आख्यानातही अखेर कोणीच हरत नाही. सारांश, अशा शीर्षकांत ‘विरुद्ध’ हे पद वैर सांगत नाही, तर दोघांची बरोबरी सांगते. विजेता कोण, एवढेच पाहण्यास गेलेला खेळप्रेमी म्हणूनच निराश होतो.