आषाढ तळा, पण तेल मोजून

आषाढ लागला की आपल्या भागात पावसाच्या आधी कढई आठवते. बारामती-इंदापूर हा पर्जन्यछायेतला मुलूख. मावळात धो धो कोसळणारा पाऊस आपल्याकडे या दिवसांत पुष्कळदा नुसते तोंड दाखवून जातो. तरी ढग दाटून आले, गार वारा सुटला, की घरोघरी ‘आखाड तळायची’ तयारी सुरू होते. कापण्या, तिखट-मिठाच्या पुऱ्या, भजी आणि मुलांच्या हट्टाखातर बटाटेवडे. याच सुमारास तुकाराम महाराजांची पालखी बारामती, सणसर, निमगाव केतकी, इंदापूर असे मुक्काम करीत सराटीकडे जाते. वारकऱ्यांसाठी कोणी पिठले-भाकरी करतो, कोणी भजी-वडे तळतो.

अशा दिवसांत ‘तळलेले खाऊ नका’ असा उपदेश या सदरात केला, तर वाचक पान उलटतील आणि त्यात त्यांची काही चूक नाही. म्हणून आज वडा कसा टाळावा हे सांगत नाही. तो घरी कसा करावा, त्याबरोबरची चटणी कशी असावी आणि कढईतल्या तेलाचा हिशेब कसा ठेवावा, एवढेच सांगतो.

आषाढ बारमाही झाला

आपल्या आजी-पणजीच्या घरी कढई वर्षातून किती वेळा चढत असे? आषाढात, दिवाळीत, एखाद्या कार्याला. तेल जपून वापरले जाई. ज्वारीच्या रानात करडईच्या ओळी असत, ती घाण्यावर नेऊन वर्षाचे तेल काढून आणायचे आणि ते पुरवायचे. शिवाय दिवसभर रानात राबणे होतेच. खाल्लेले तेल अंगी लागत असे आणि कामात जिरतही असे.

आज नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर ऊस उभा आहे, बैलांच्या जागी ट्रॅक्टर आला आहे, रानात जायला मोटारसायकल आहे. अंगमेहनत कमी झाली आणि आषाढ मात्र बारमाही झाला. सकाळी चहाबरोबर वडा, बाजारच्या दिवशी भजी, तालुक्याला कामासाठी गेले की वडापाव. माझ्या दवाखान्यात चाळिशीच्या आतबाहेरचे, रक्तदाब आणि साखर वाढलेले रुग्ण येतात. ‘खाण्यात काय असते?’ असे विचारले की बहुतेकजण भाजी-भाकरी सांगतात. वडा त्यांच्या लेखी खाण्यात धरलेलाच नसतो.

काही महिन्यांपूर्वी एक दांपत्य आले होते. पती ट्रॅक्टरचालक, वय पंचेचाळीसच्या आसपास. हृदयाची रक्तवाहिनी फुग्याने उघडून आत स्प्रिंग बसवलेली. पत्नीची तक्रार अशी : “घरी पथ्याचं जेवत्यात अन् बाहेर गाड्यावर जाऊन वडा खात्यात. किती सांगू?” ते खाली मान घालून ऐकत होते. मग म्हणाले, “डॉक्टर, दोन वर्षं घरात कढई चढली नाही. पोरंही माझ्यामुळं उपाशी असल्यासारखी बघत्यात. घरच्या ताटात एखादा वडा पडला असता, तर चोरून कशाला खाल्ला असता?”

मला त्यांचे म्हणणे पटले. पथ्य एकट्याचे झाले की ते शिक्षा वाटते आणि शिक्षेतून माणूस पळवाट काढतोच. आम्ही तिघांनी मिळून ठरवले : महिन्यातून दोनदा, घरी, ताज्या तेलात, त्यांना दोन वडे आणि त्या जेवणात भाकरी कमी. बाहेरचे बंद. गोळ्या, तपासण्या, रोजचे चालणे हे आपापल्या जागी आहेच. पण चोरून खाणे थांबले, असे पत्नीच पुढच्या वेळी सांगून गेली.

तेलाचे वय

घरचा वडा आणि बाहेरचा वडा यांत बटाटा तोच, बेसन तेच. फरक असतो तेलाच्या वयात. तेल कडकडीत तापते, त्यात ओल्या पिठाचे पाणी मिसळते, वरून हवा लागते. या तिघांच्या माऱ्याने तेलाचे रेणू तुटतात, हवेतल्या प्राणवायूशी संयोग पावतात आणि एकमेकांना चिकटून जड होतात. म्हणून जुने तेल काळपट, दाट आणि चिकट दिसते. पुन्हा पुन्हा तापवलेल्या तेलात शरीराला, विशेषतः रक्तवाहिन्यांना, अपायकारक घटक साठत जातात. १ जुलै २०१८ पासून आपल्या देशात नियमच आहे की, तळणीच्या तेलातील ‘एकूण ध्रुवीय घटक’ २५ टक्क्यांपेक्षा जास्त झाले तर ते तेल खाण्याच्या कामी वापरायचे नाही.

ही मोजणी यंत्राने होते. घरात किंवा गाड्यासमोर उभे राहून आपण ती डोळ्यांनी आणि नाकाने करू शकतो. तेल तापताच निळसर-करडा धूर येऊ लागला, फेस येऊन खाली बसेना, रंग काळा आणि गढूळ झाला, वास खवट आला, की ते तेल म्हातारे झाले असे समजावे.

घरापुरता नियम सोपा आहे. एकदा तळून उरलेले तेल गार झाल्यावर गाळून घ्यावे आणि एक-दोन दिवसांत भाजी-आमटीच्या फोडणीला संपवावे. त्यात पुन्हा तळण करू नये. जुन्या तेलात नवे ओतून ‘ताजे’ करण्याची पद्धत तर मुळीच नको, त्याने नवे तेलही लवकर बिघडते. हा नियम पाळायचा तर तेल मुळातच थोडे घेतले पाहिजे. परातीसारखी पसरट कढई नको. लहान, खोलगट कढई घ्या. पाव लिटर तेलात एका वेळी तीन वडे आरामात तळून होतात.

कोणते तेल? तळणासाठी शुद्ध केलेले शेंगदाण्याचे तेल चांगले, ते उष्णता बऱ्यापैकी सोसते. करडई आणि सूर्यफुलाची नेहमीची तेले फोडणीला उत्तम, पण वारंवार तापवल्यास ती लवकर बिघडतात. लाकडी घाण्याचे तेल चवीला छान असते, मात्र ते लवकर धुरावते, तेव्हा तेही फोडणीलाच ठेवावे. वनस्पती तुपात तळणे सोडूनच द्यावे. त्यातील घातक ट्रान्स मेदावर सरकारने जानेवारी २०२२ पासून २ टक्क्यांची मर्यादा घातली असली, तरी त्यातला घट्ट मेद हृदयाला हितकारक नाहीच.

वडे असे करा

अर्धा किलो बटाटे उकडून, सोलून, हाताने कुस्करा. अगदी लगदा करू नका. चमचाभर तेलात मोहरी, हिंग, हळद, कढीपत्ता, वाटलेले आले-लसूण-मिरची परतून बटाट्यात घाला. कोथिंबीर भरपूर आणि लिंबू पिळा. लिंबामुळे मीठ कमी चालते. वाफवलेले मटार किंवा किसलेले गाजर घातले तर बटाटा तेवढा कमी लागतो. लिंबाएवढे बारा गोळे करून थोडे चपटे करा.

दीड वाटी बेसनात दोन चमचे तांदळाचे पीठ, ओवा, हळद, थोडे मीठ घालून पीठ भिजवा. गोळ्यावर पातळ थर बसून राहील इतके ते दाट हवे. पातळ पिठातले पाणी तेलात जाते आणि त्याची जागा तेल घेते. खाण्याचा सोडा घालू नका. सोड्याने वडा फुगतो खरा, पण तेलही जास्त पितो. शिवाय चहाच्या एका चमचाभर सोड्यात १२०० मिलिग्रॅमहून अधिक सोडियम असते. प्रौढ माणसाला दिवसभरात २००० मिलिग्रॅमची, म्हणजे सुमारे ५ ग्रॅम मिठाची मर्यादा सांगितली आहे, हे ध्यानात घेतले की रक्तदाबाच्या रुग्णाला चिमूटभर सोडाही का जपून द्यायचा ते कळेल. तांदळाच्या पिठाने कुरकुरीतपणा येतोच.

तळणीचे तेल १७० ते १८० अंश सेल्सिअस तापलेले असावे. घरात तापमापक नसतो, म्हणून पिठाचा थेंब टाकून पाहा. तो तळाशी बसून राहिला तर तेल थंड आहे. लगेच काळा झाला तर फार तापले आहे. बुडबुडे काढीत वर आला की वडे सोडा. थंड तेलातला वडा तेलकट होतो आणि एकदम जास्त वडे सोडले तरी तेल थंड पडते. झाऱ्यावर नीट निथळून मगच काढा.

एक सावधगिरी : मुलांना कढईपासून लांब ठेवा. तेलाने पेट घेतला तर पाणी टाकू नका, भडका उडतो. गॅस बंद करून कढईवर झाकण टाका. हातावर तेल उडाले तर वाहत्या गार पाण्याखाली वीस मिनिटे हात धरा. टूथपेस्ट, शाई, हळद काही लावू नका.

तेल मोजून पाहा

आता गृहिणींना एक प्रयोग सुचवतो. तळण्यापूर्वी तेल मापाने मोजून घाला. तळून झाल्यावर, पूर्ण गार झाल्यावर, उरलेले पुन्हा मोजा. जितके कमी भरले ते साधारणपणे वड्यांत गेले. समजा ६० मिलिलिटर कमी झाले आणि वडे १२ झाले, तर प्रत्येक वड्यात ५ मिलिलिटर, म्हणजे चहाचा एक चमचा तेल आले. त्या एका चमच्यातून सुमारे ४५ कॅलरी मिळतात. दिवसभराच्या सगळ्या स्वयंपाकात मिळून माणशी २० ते ३० ग्रॅम, म्हणजे चार ते सहा चमचे तेल पुरेसे असते. दोन वडे खाल्ले की त्यातले दोन चमचे संपले. मग त्या दिवशी भाजीला तर्री नको, पोळीला तेल नको. पुढच्या वेळी पीठ थोडे दाट करून, तेल नीट तापवून पुन्हा मोजा. आकडा खाली येईल आणि कारणही तुमच्या लक्षात येईल.

चटणीकडे दुर्लक्ष नको

पावसाळ्यात वड्यापेक्षा चटणी अधिक घातक ठरू शकते. वडा कढत तेलातून निघतो, त्यात जंतू टिकत नाहीत. ओली चटणी मात्र कच्च्या पाण्यात वाटलेली, उघडी, तासन् तास तशीच ठेवलेली असते. दूषित पाण्यातून जुलाब, विषमज्वर, कावीळ हे सगळे त्या चमचाभर चटणीतून येऊ शकतात. पालखीच्या काळात अन्नदान करणाऱ्या मंडळांनाही माझी हीच विनंती आहे : ओल्या चटणीऐवजी शेंगदाणा-लसणाची कोरडी चटणी द्या.

घरी हिरवी चटणी करताना कोथिंबिरीची जुडी आधी निवडून, मग दोन-तीन पाण्यांतून धुवा, मातीतच जंतू असतात. पुदिना, दोन मिरच्या, लसूण, जिरे, मूठभर भाजलेले शेंगदाणे घालून उकळून गार केलेल्या पाण्यात वाटा आणि वरून लिंबू पिळा. लिंबू-कोथिंबिरीतले ‘क’ जीवनसत्त्व ताजेपणीच मिळते, म्हणून लागेल तेवढीच करा. दह्यात कालवली तर लहान मुलांना तिखट लागत नाही. इंदापूरकडे डाळिंब आणि पेरूच्या बागा आहेत. पिकलेल्या पेरूची, मिरची-जिरे घालून केलेली चटणी किंवा हिरव्या चटणीत मूठभर डाळिंबाचे दाणे, वड्याबरोबर फार छान लागतात आणि गूळ घालावा लागत नाही. चिंच-गुळाची चटणी मधुमेहींनी बोटाला लावून चाखण्यापुरतीच ठेवावी.

आणि हे वर्तमानपत्र वाचून झाल्यावर त्यावर वडे निथळत ठेवू नका. छपाईच्या शाईतले शिसे आणि रसायने गरम, तेलकट पदार्थाला चिकटून पोटात जातात. अन्न वर्तमानपत्रात ठेवण्यास व बांधण्यास २०१८ च्या नियमांनी मनाई आहे. स्टीलची चाळणी वापरा. आमचा मजकूर डोक्यात राहिला तरी पुरे.

कोणी खाऊ नयेत

पित्ताशयात खडे असून कळा येतात, स्वादुपिंडाला सूज येऊन गेली आहे, नुकतीच कावीळ झाली आहे किंवा हृदयविकाराचा झटका येऊन थोडेच दिवस झाले आहेत, अशांनी आपल्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय तळलेले खाऊ नये. मधुमेहींनी वडा जेवणात मोजावा, जेवणावर नव्हे. दोन वडे घेतले तर एक भाकरी कमी, आणि पाव नको. अशांसाठी तेच गोळे आप्पेपात्रात थेंब-थेंब तेलावर भाजून काढता येतात. चव थोडी वेगळी लागते, पण ताट सगळ्यांचे एकसारखे दिसते. पथ्य टिकण्याच्या दृष्टीने हे फार मोलाचे आहे.

येत्या रविवारी घरी वडे केलेत, तर तळणीतून किती तेल कमी झाले तो आकडा स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर लिहून ठेवा. वर्षभरात असे किती आकडे जमतात ते पाहा. महिन्याला दोनपेक्षा जास्त दिसले, तर पुढच्या महिन्यात कढई थोडी विश्रांती घेईल असे बघा.