सामाजी हसाजी दिवेकर

कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंनी बायबलमधली नावे मराठी वळणाची केली. सॅम्युएलचे सामाजी, इझिकेलचे हसाजी. आडनावे मात्र थेट गावाची : पेणचे पेणकर, रोह्याचे रोहेकर, नवगावचे नवगावकर. तेलाचे घाणे चालवणारी ही माणसे शनिवारी काम बंद ठेवत, म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत.

ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतले सॅम्युएल इझिकेल दिवेकर म्हणजेच सामाजी हसाजी. मुंबईतले पहिले सिनेगॉग त्यांनीच १७९६मध्ये मांडवी भागात उभारले. एकाच माणसाने ही दोन्ही नावे सहज वागवली, हे मला फार मोलाचे वाटते. १९४८नंतर समाजातले बहुसंख्य लोक इस्रायलला गेले. काहींनी तिथे हिब्रू आडनावे घेतली, अनेकांचे ‘कर’ टिकून आहेत.