मातीवरची पत्रे, दगडावरची नावे

सुमारे पावणेचार हजार वर्षांपूर्वी आजच्या इराकमधील ऊर शहरात एक संतापलेले पत्र येऊन पोचले. पाठवणारा नन्नी नावाचा गिऱ्हाईक आणि घेणारा एआ-नासिर हा तांब्याचा व्यापारी. तक्रार अशी, की चांगल्या लगडी देण्याचे कबूल करून तू हलका माल पुढे केलास; माझा माणूस शत्रूच्या मुलखातून तुझ्याकडे आला, त्यालाही अपमान करून रिकाम्या हाताने परत पाठवलेस. यापुढे एकेक लगड मी स्वतः निवडून घेईन!

हे पत्र कागदावर नव्हते. ओल्या मातीची तळहाताएवढी वडी करायची, कापलेल्या बोरूच्या टोकाने तिच्यावर पाचरीसारख्या खुणा दाबायच्या आणि ती वाळवायची. हीच कीलाकार लिपी. नन्नीची ती वडी आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. अशा पत्रांची सुरुवातही मोठी गमतीची असे: ‘अमक्याला सांग, तमका असे म्हणतो.’ हे ‘सांग’ कोणाला? पत्र वाचून दाखवणाऱ्याला! बहुतेकांना लिहिता-वाचता येत नसे. लेखनिक लिही आणि दुसरा लेखनिक मोठ्याने वाची.

इद्दिन-सिन नावाचा विद्यार्थी आईवर रुसून लिहितो, की इतर मुलांचे कपडे वर्षागणिक चांगले होत आहेत आणि माझे मात्र हलके. बाबांच्या हाताखालच्या माणसाच्या मुलालासुद्धा दोन नवे पोशाख मिळाले! घरात लोकर होती, कापड घरी तयार होई आणि बापाच्या हुद्द्यावर मुलाचा रुबाब ठरे, हे सारे एका रुसव्यातून कळते. अश्शूर शहरातील लमस्सी ही बाई दूर आनातोलियात व्यापार करणाऱ्या नवऱ्याला पाठवलेल्या कापडाबद्दल लिहिते आणि पैशांची चौकशी करते. म्हणजे बायका नुसत्या विणत नव्हत्या, हिशोबही ठेवत होत्या.

ही माती इतकी वर्षे टिकली कशी? पेणच्या एखाद्या मूर्तिकाराला विचारा. शाडूची कच्ची मूर्ती पाण्यात विरघळते. तीच माती भट्टीत भाजली, की पाण्याला दाद देत नाही. इराकच्या कोरड्या हवेत कच्च्या वड्याही तगल्या. शिवाय शत्रूने शहर जाळले, की घरातल्या वड्या आयत्याच भाजून निघत. आपल्याकडची पत्रे ताडपत्रावर, भूर्जपत्रावर किंवा कापडावर लिहिलेली. कोकणचा पाऊस आणि वाळवी यांपुढे त्यांचा काय टिकाव लागणार?

दगड मात्र टिकला. कोलाडच्या नैऋत्येला, तळ्याच्या पुढे, राजपुरीच्या खाडीकाठी कुडे गाव आहे. तेथील डोंगरात बौद्ध भिक्षूंसाठी खोदलेली २६ लेणी आहेत. त्यांच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत आणि प्राकृत भाषेत दानाच्या नोंदी कोरलेल्या आहेत. ब्राह्मी लिपीचे कोडे जेम्स प्रिन्सेपने १८३७ साली सोडवले. कीलाकार लिपी उलगडणाऱ्यांपैकी हेन्री रॉलिन्सन हाही मूळचा मुंबईच्या लष्करातला अधिकारी, हे सहज जाता जाता. कुड्याचे लेख जेम्स बर्जेस आणि भगवानलाल इंद्रजी यांनी १८८१ साली पुस्तकात प्रसिद्ध केले.

त्यांतला एकच लेख नीट पाहू. सोमदेव नावाचा वैद्य एक लेणे दान देतो. त्याचे वडील इसिरखित, तेही वैद्यच. मग मुलांची नावे येतात: नाग, इसिरखित, सिवघोस. नंतर मुलींची: इसिपालिता, पुसा, धम्मा, सपा. बस्स, एवढेच. पण थोडा विचार करा. बाप वैद्य आणि मुलगाही वैद्य, म्हणजे धंदा घराण्यात चालत आलेला. नातवाला आजोबांचे नाव दिलेले. ही रीत आजही कितीतरी घरांत आहे. दान बुद्धाच्या संघाला, तरी एका मुलाच्या नावात शिव आहे. आणि चारही मुलींची नावे मुलांच्या बरोबरीने दगडावर आलेली आहेत! माझ्या मते साऱ्या कुड्यात यासारखी बोलकी नोंद दुसरी नाही.

बाकीचे दाते पाहा. कऱ्हाडचा ‘लोहवाणिय’, म्हणजे लोखंडाचा व्यापारी. तो सह्याद्रीपलीकडचा, तेव्हा घाटावरून खाडीपर्यंत येणेजाणे होतेच. ‘मालाकार’, म्हणजे माळी. तांड्याचा नायक असलेला सार्थवाह. भायिला नावाची ब्राह्मण उपासिका, जिने चैत्यगृह दिले. पदुमनिका ही भिक्षुणी. लेखांतले शब्दही ओळखीचे वाटतील: ‘लेण’ म्हणजे आपले लेणे, ‘वेज’ म्हणजे वैद्य आणि ‘वाणिय’ तर आजचा वाणीच.

आता नन्नीची वडी आणि सोमदेवाचा दगड शेजारी ठेवा. पत्र एकाच माणसासाठी असते, म्हणून त्यात राग, रुसवा आणि घासाघीस सापडते. दानलेख सर्वांनी वाचावा म्हणून कोरलेला, त्यात घराण्याचा अभिमान आणि पुण्याची इच्छा. लोहवाण्याचा माल हलका निघाला, म्हणून कोणी त्याच्यावर चिडलेही असेल. पण ते दगडावर कोण कोरणार? शिवाय ज्याची दान देण्याची ऐपत नव्हती, त्याला या भिंतीवर येण्याचा मार्गच नव्हता.

शिक्षकांसाठी एक सोपा प्रयोग सुचवतो. गावच्या देवळातील किंवा शाळेतील देणगीदारांची पाटी मुलांना वहीत उतरवून घेऊ द्या. नाव, गाव, धंदा, कोणाच्या स्मरणार्थ, रक्कम किती, सारे काही. मग दोन यादी करायच्या: या पाटीवरून गावातले कोणते लोक आणि धंदे कळतात, आणि कोणते मुळीच कळत नाहीत. दुसरी यादी बहुधा लांबेल.