क्लॉड रेन्स : आवाजाने घडवलेला चरित्र अभिनेता

क्लॉड रेन्स (१० नोव्हेंबर १८८९ – ३० मे १९६७) हे इंग्लंडमध्ये जन्मलेले आणि हॉलिवूडमध्ये नाव कमावलेले चरित्र अभिनेते. नायकाच्या नावाखाली दुसऱ्या-तिसऱ्या ओळीत ज्याचे नाव छापले जाते, त्या नटाला प्रेक्षकांची सहानुभूती आयती मिळत नाही. ती त्याला प्रसंगागणिक मिळवावी लागते. रेन्स यांनी ती बहुतेक वेळा भ्रष्ट, स्वार्थी किंवा उघड उघड खलप्रवृत्तीच्या माणसांसाठी मिळवली. आपण चुकीच्या बाजूला उभे आहोत हे मनातून जाणणारा माणूस त्यांच्याइतक्या नेमकेपणाने क्वचितच कोणी पडद्यावर उभा केला असेल.

त्यांचा जन्म दक्षिण लंडनमध्ये झाला. वडील फ्रेडरिक रेन्स हेही नट होते, पण घरात पैसा नव्हता. बारा भावंडांपैकी तीनच जगली. आई घरी भाडेकरू ठेवून संसार रेटत असे. क्लॉड यांची शाळा लवकर सुटली आणि रस्त्यावर वर्तमानपत्रे विकून मिळणारी चिल्लर आईच्या हातात जाऊ लागली. बोलणे ठार कॉकनी, म्हणजे लंडनच्या कष्टकरी वस्तीतले. त्यात जीभ अडखळे आणि ‘र’ नीट उच्चारता येत नसे. हा मुलगा पुढे केवळ आवाजाच्या बळावर ओळखला जाईल, असे त्या वेळी कोणाच्या स्वप्नातही आले नसते.

वयाच्या दहाव्या वर्षी, १९०० साली, हेमार्केट थिएटरमधील एका नाटकात गर्दीतल्या मुलांपैकी एक म्हणून ते प्रथम रंगमंचावर आले. नंतर हिज मॅजेस्टीज थिएटरमध्ये त्यांना ‘कॉल बॉय’ची नोकरी लागली. प्रवेशाची वेळ झाली की नटांच्या खोल्यांची दारे ठोठावून त्यांना बोलावणे, हे त्या पोऱ्याचे काम. तिथून ते प्रॉम्प्टर झाले, मग रंगमंच व्यवस्थापक. विंगेत उभे राहून रोज तीच वाक्ये ऐकताना शब्द कुठे दाबायचा आणि कुठे सोडायचा, हे त्यांच्या कानात बसत गेले.

हे नाट्यगृह सर हर्बर्ट बीरबोम ट्री यांचे होते. ट्री हे त्या काळातील बडे नट-निर्माते. ‘रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट’ ही आज जगप्रसिद्ध असलेली नाट्यशिक्षण संस्था १९०४ साली त्यांनीच स्थापन केली. या पोऱ्यामध्ये काहीतरी आहे हे त्यांनी ओळखले आणि उच्चारशास्त्राची पुस्तके व शिकवणी यांचा खर्च स्वतः उचलला. रेन्स यांनी आपला उच्चार अक्षराअक्षराने नव्याने बांधून काढला. पुढे जगाने ऐकलेला तो सुसंस्कृत, रेशमी आवाज जन्माने मिळालेला नव्हता. वर्षानुवर्षांच्या मेहनतीची ती कमाई होती, आणि रेन्स यांच्या कारकिर्दीतील ही सर्वांत महत्त्वाची गोष्ट म्हणावी लागेल.

पहिल्या महायुद्धात ते लंडन स्कॉटिश रेजिमेंटमध्ये दाखल झाले. बॅसिल रॅथबोन, रोनाल्ड कोलमन आणि हर्बर्ट मार्शल हे पुढे पडद्यावर गाजलेले नटही याच रेजिमेंटमधले. १९१६ साली फ्रान्समध्ये व्हिमी येथे झालेल्या विषारी वायूच्या हल्ल्यात रेन्स यांच्या उजव्या डोळ्याची दृष्टी जवळजवळ गेली. घशालाही इजा झाली. त्यांच्या आवाजाला जी किंचित घोगरी धार होती, ती या वायूचीच देणगी असे सांगितले जाते. साधा शिपाई म्हणून भरती झालेले रेन्स युद्ध संपेपर्यंत कॅप्टन झाले होते. एका डोळ्याने जवळपास दिसत नाही, ही गोष्ट त्यांनी चित्रपटसृष्टीत आयुष्यभर लपवून ठेवली. त्यांच्या भूमिका पाहताना ती कुठे जाणवतही नाही.

युद्धानंतर लंडनच्या रंगभूमीवर त्यांचा जम बसला. त्याचबरोबर ट्री यांनी स्थापन केलेल्या अकॅडमीत ते शिकवूही लागले. त्यांच्या विद्यार्थ्यांत जॉन गिलगुड आणि चार्ल्स लॉटन होते. विसाव्या शतकातील इंग्रजी अभिनयाची ही दोन मोठी नावे. गिलगुड तर सुरुवातीच्या काळात आपल्या गुरूचीच नक्कल करत असल्याचे सांगत. अडखळत्या कॉकनी बोलीतून वर आलेला माणूस आता इतरांना शुद्ध उच्चार शिकवत होता. १९२६ मध्ये रेन्स अमेरिकेला गेले आणि ब्रॉडवेवर स्थिरावले. पर्ल बक यांच्या कादंबरीवर आधारलेल्या ‘द गुड अर्थ’ या नाटकात १९३२ साली त्यांनी चिनी शेतकरी वांग लुंगची भूमिका केली.

सिनेमा मात्र त्यांच्याकडे उशिरा आला. १९२० मधील एक इंग्लिश मूकपट सोडला तर पडद्याशी त्यांचा संबंध नव्हता. हॉलिवूडसाठी दिलेली त्यांची पहिली चाचणी फसली. रंगमंचाच्या सवयीमुळे अभिनय फार मोठा झाला होता. पण दिग्दर्शक जेम्स व्हेल यांना त्या चाचणीतला आवाज हवा होता, कारण ते एच. जी. वेल्स यांच्या ‘द इन्व्हिजिबल मॅन’वर चित्रपट काढत होते. नायक अदृश्य झालेला शास्त्रज्ञ, म्हणजे चेहरा दिसणारच नाही. सगळी भिस्त आवाजावर.

या चित्रपटाची तांत्रिक बाजू जॉन फुल्टन यांनी सांभाळली. कपडे दिसतात पण आतला माणूस दिसत नाही, असे दृश्य हवे असेल तेव्हा नटाला डोक्यापासून पायापर्यंत काळ्या मखमलीत गुंडाळत आणि त्यावर पात्राचे कपडे चढवून काळ्या मखमलीच्याच पडद्यासमोर चित्रण करत. काळ्यावर काळे लोपून जाई आणि फिल्मवर उरत ते फक्त चालते-बोलते कपडे. ही प्रतिमा मग खोलीच्या दृश्यावर जोडली जाई. इतर वेळी रेन्स यांचा चेहरा बँडेजमध्ये आणि काळ्या चष्म्याआड असे. भुवई, ओठ, नजर अशी नटाची नेहमीची हत्यारे काढून घेतल्यावर जे उरले, त्यातून त्यांनी शास्त्रज्ञाचा सौजन्याकडून उन्मादाकडे होणारा प्रवास दाखवला. आधी दबलेली चीड, मग मिश्कील खुनशीपणा, शेवटी जग जिंकण्याची गर्जना. शेवटच्या क्षणी, मृत्यूनंतर, काही सेकंद त्यांचा चेहरा दिसतो. १९३३ च्या नोव्हेंबरमध्ये चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा रेन्स चव्वेचाळीस वर्षांचे होते.

त्यानंतर वॉर्नर ब्रदर्स या स्टुडिओशी त्यांचा करार झाला. तेव्हाच्या पद्धतीप्रमाणे स्टुडिओ देईल ती भूमिका करायची, त्यामुळे एका वर्षात दरबारी कारस्थानी, वकील, डॉक्टर, प्रेमळ बाप अशी रांग लागे. १९३८ च्या रॉबिन हूडमधला प्रिन्स जॉन त्यांनी इतक्या नाजूक नखऱ्याने केला, की तो घातकही वाटतो आणि गमतीदारही. त्याच वर्षी ‘फोर डॉटर्स’मध्ये ते चार मुलींचे संगीतवेडे वडील होते.

१९३९ मध्ये दिग्दर्शक फ्रँक काप्रा यांच्या ‘मिस्टर स्मिथ गोज टू वॉशिंग्टन’मधील सेनेटर पेनच्या भूमिकेने त्यांची खरी जात कळली. पेन हा तरुणपणी आदर्शवादी होता. आता तो एका भ्रष्ट राजकीय टोळीच्या हातातले बाहुले आहे. मृत मित्राचा मुलगा त्याला देव मानतो, आणि त्याच मुलाला चिरडण्याची पाळी पेनवर येते. सभागृहात खोटा आरोप करताना रेन्स आवाज अजिबात चढवत नाहीत. शब्द स्पष्ट, सूर सभ्य, पण समोरच्या मुलाकडे बघणे टाळलेले. शेवटी पेनचा बांध फुटतो तेव्हा तो कबुलीजबाब अचानक आलेला वाटत नाही. दोन तास तो माणूस आतून पोखरला जात असल्याचे आपण पाहिलेले असते.

‘कॅसाब्लांका’तील (१९४२) कॅप्टन रेनॉ हे याच माणसाचे हसरे रूप. मोरोक्कोतील हा फ्रेंच पोलीस अधिकारी लाच खातो, असहाय निर्वासित स्त्रियांचा गैरफायदा घेतो, वारा येईल तशी पाठ फिरवतो आणि हे सारे मोकळेपणाने कबूलही करतो. शेवटी विमानतळावर तो मित्राला वाचवतो आणि ‘व्हिशी’ हे नाव असलेली, म्हणजे नाझींशी हातमिळवणी करणाऱ्या फ्रेंच सरकारची आठवण देणारी, पाण्याची बाटली कचऱ्याच्या टोपलीत टाकतो. दिग्दर्शक मायकेल कर्टिझ यांनी या वळणाची तयारी रेन्स यांच्याच भरवशावर केली असावी. रेन्स यांनी आधीच्या प्रत्येक विनोदात लाजेचा एक बारीक धागा ठेवला नसता, तर हा शेवट पटला नसता.

‘मिस्टर स्केफिंग्टन’ (१९४४) या बेटी डेव्हिस यांच्यासोबतच्या चित्रपटात ते एका रूपगर्वितेचा सहनशील ज्यू पती झाले. तो नाझी छळछावणीतून आंधळा होऊन परततो. डेव्हिस यांच्यासोबत त्यांनी चार चित्रपट केले. १९४६ मधील ‘डिसेप्शन’मध्ये मत्सरी संगीतकाराच्या भूमिकेत रेन्स यांनी चित्रपट अक्षरशः खिशात घातला.

त्याच वर्षीचा दिग्दर्शक हिचकॉक यांचा ‘नटोरियस’ मात्र या सगळ्यांवर कळस आहे. रिओ द जानेरोत लपलेला नाझी अलेक्झांडर सेबॅस्टियन एका अमेरिकन गुप्तहेर स्त्रीच्या प्रेमात पडून तिच्याशी लग्न करतो. रेन्स यांची उंची ती स्त्री साकारणाऱ्या इंग्रिड बर्गमनपेक्षा कमी असल्याने काही दृश्यांत त्यांना उंचवट्यावर उभे केले गेले. इतरत्र हिचकॉक यांनी तो फरक लपवला नाही, आणि त्यामुळे सेबॅस्टियन अधिकच केविलवाणा होतो. त्याची आई झालेल्या लिओपोल्डिन कॉन्स्टँटिन या रेन्स यांच्याहून अवघ्या तीन वर्षांनी मोठ्या होत्या. पण तिच्यासमोर ते खरोखर धाकातल्या मुलासारखे दिसतात. या कथेत नायक प्रेम कबूल करायला कचरतो, तर खलनायक मनापासून प्रेम करतो आणि फसवला जातो. शेवटी आपल्या साथीदारांच्या तावडीत परत जाण्यासाठी सेबॅस्टियन घराच्या पायऱ्या चढू लागतो, तेव्हा तो पत्नीवर विषप्रयोग करणारा आहे हे माहीत असूनही प्रेक्षकाचा जीव त्याच्यासाठी गलबलतो.

पेन, रेनॉ, स्केफिंग्टन आणि सेबॅस्टियन या चारही भूमिकांसाठी रेन्स यांना सहायक अभिनेत्याचे ऑस्कर नामांकन मिळाले. पारितोषिक एकदाही मिळाले नाही. अनुक्रमे टॉमस मिचेल, चार्ल्स कोबर्न, बॅरी फिट्झजेराल्ड आणि हॅरल्ड रसेल हे विजेते ठरले. निदान ‘नटोरियस’साठी तरी ते मिळायला हवे होते.

१९३९ मध्ये त्यांनी अमेरिकेचे नागरिकत्व घेतले होते. चित्रण नसेल तेव्हा ते पेनसिल्व्हेनियातील आपल्या शेतावर राहत. शेती त्यांनी हौस म्हणून नव्हे, अभ्यासाने केली. संसार मात्र स्थिरावला नाही. त्यांची सहा लग्ने झाली. जेसिका ही त्यांची एकुलती एक मुलगी.

१९५० च्या दशकात चित्रपट कमी झाले, पण रंगभूमीने त्यांना हवा तो मान दिला. आर्थर केस्लर यांच्या कादंबरीवरून सिडनी किंग्सली यांनी लिहिलेल्या ‘डार्कनेस अ‍ॅट नून’मधील रुबाशॉव्हच्या भूमिकेसाठी १९५१ मध्ये त्यांना टोनी पुरस्कार मिळाला. क्रांतीसाठी सारे दिलेला आणि आता त्याच क्रांतीच्या तुरुंगात मरणाची वाट पाहणारा हा जुना बोल्शेव्हिक नेता. आपल्याच हातून काय घडले याचा हिशेब मांडणारी ही भूमिका त्यांच्या स्वभावधर्माला तंतोतंत जुळणारी होती.

१९५९ साली ‘जजमेंट अ‍ॅट न्यूरेंबर्ग’ हे नाझींवरील खटल्याचे नाटक टेलिव्हिजनवर प्रथम सादर झाले आणि त्यात रेन्स न्यायाधीश होते. कार्यक्रमाला गॅस उद्योगाचे प्रायोजकत्व होते. त्यामुळे छळछावण्यांतील विषारी वायूचा उल्लेख आला, की ‘गॅस’ या शब्दापुरता ध्वनी प्रक्षेपणातून बंद केला गेला. यावर वृत्तपत्रांतून टीका झाली. ज्या माणसाने स्वतः युद्धात विषारी वायू अंगावर झेलला होता, त्याच्याच तोंडचा तो शब्द असा पुसला जावा, हे आज वाचतानाही अस्वस्थ करते.

‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’त (१९६२) ब्रिटिश मुत्सद्दी ड्रायडनच्या छोट्या भूमिकेत त्यांनी साम्राज्याचा सारा थंड हिशेबीपणा दोन-चार वाक्यांत आणि एका तिरप्या हसण्यात मांडला. १९६५ मधील ‘द ग्रेटेस्ट स्टोरी एव्हर टोल्ड’मधला हेरॉड राजा ही त्यांची अखेरची चित्रपटभूमिका. १९६७ मध्ये न्यू हँपशरमधील लॅकोनिया येथे वयाच्या सत्त्याहत्तराव्या वर्षी त्यांचे निधन झाले. अखेरच्या काळात त्यांनी आत्मचरित्रासाठी आपल्या आठवणी ध्वनिमुद्रित करून ठेवल्या होत्या. ते पुस्तक झाले नाही, पण त्या ध्वनिफितींचा आधार घेऊन डेव्हिड स्काल यांनी जेसिका यांच्या सहकार्याने २००८ मध्ये त्यांचे चरित्र प्रसिद्ध केले.