सोनघंटा : कड्यावरची पेटारी

नागपुरातील पडीक जागांवर आणि कुंपणांलगत आपोआप वाढणारी पेटारी, तिच्या पिवळ्या फुलांमुळे आणि चकतीसारख्या कप्पेदार फळांमुळे, अनेकांनी नाव न जाणताही पाहिलेली असते. भेंडी आणि जास्वंदीच्या कुळातील अब्युटिलॉन या प्रजातीत, म्हणजे निकटच्या जातींच्या गटात, ही सर्वसंचारी पेटारी जशी मोडते, तशीच सह्याद्रीबाहेर कोठेही निसर्गतः न आढळणारी सोनघंटाही मोडते. अशा एकाच प्रदेशापुरत्या मर्यादित जातीला प्रदेशनिष्ठ म्हणतात.

सोनघंटा हे पुरुषभर किंवा त्याहून उंच वाढणारे झुडूप असून त्याची पिवळसर नारिंगी, तांबड्या रेषांची मोठी फुले घंटेप्रमाणे खाली लोंबतात. पुण्याच्या सायन्स कॉलेजातील वुड्रो आणि लंडनजवळील क्यू उद्यानातील स्टाफ यांनी १८९४ मध्ये तिचे शास्त्रीय वर्णन केले आणि तिला रानडे या भारतीय संग्राहकाचे नाव दिले. सह्याद्रीतीलच दुर्मीळ शिंदळ माकुडीला गव्हर्नर फ्रिअरचे नाव मिळालेले पाहता, त्या काळी हा मान थोडाथोडका नव्हता.

नागपुरात वर्षाकाठी साधारण १,१०० मिलिमीटर पाऊस पडतो, तर आंबा घाटासारख्या सोनघंटेच्या मूळ परिसरात त्याच्या कितीतरी पट. परंतु केवळ पावसाने तिच्या दुर्मीळतेचा उलगडा होत नाही. दऱ्यांनी परस्परांपासून तोडलेले उंच कडे वनस्पतींच्या दृष्टीने बेटांसारखेच असतात, आणि तेथील मोजक्या झुडपांचा एखादा समूह दरड, वणवा किंवा वृक्षतोडीत नाहीसा झाला, तर शेजारच्या डोंगरावरून बी येऊन ती जागा भरून निघण्याची शक्यता फारच थोडी असते. हवाई द्वीपसमूहातील ओआहू बेटाच्या वायआनाए पर्वतात याच प्रजातीचे अब्युटिलॉन सँडविचेन्स हे झुडूप अशाच कोंडीत सापडलेले असून बाहेरून आणलेल्या शेळ्या, डुकरे आणि परक्या वनस्पती यांच्या उपद्रवामुळे अमेरिकेने १९९१ मध्ये त्याला संकटग्रस्त जातींच्या यादीत घेतले.

कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात सोनघंटेची जोपासना झाली आहे, ही जमेची बाजू खरी. तथापि एकाच कड्यावरील चार झुडपांची शंभर रोपे केली तरी आनुवंशिक वैविध्य, म्हणजे त्याच जातीतील वेगवेगळे वंशगुण, त्या चारांपुरतेच राहते. म्हणून उद्यानासाठी बी किंवा छाटे घेताना ते कड्याकड्यावरील निरनिराळ्या समूहांतून घ्यावे लागतात.